कोटाचं अस्तर

मिल्टन कीन्स
९ मार्च २०२५

चि. अक्षया,

अनेक आशीर्वाद. 'सौ.' लिहायला हात गेला होता, तो तिथेच थांबला आणि कागदावर शाईचा ठिपका पडला. म्हणून हा दुसरा कागद. माझं 'सौ.' गेलं तेव्हा मी साठीला टेकले होते. तुझं इतक्या लवकर जावं, याचा मला अजून राग येतो. कोणावर, ते कळत नाही.

पत्र लिहिते आहे, कारण फोनवर आपण दोघी नुसत्या गप्प बसतो. तू 'जेवलात का' विचारतेस, मी 'हो, तू?' विचारते, मग तुझ्या खिडकीखालच्या बसचा आवाज येत राहतो आणि मी कुकरची शिट्टी झाली असं खोटंच सांगून फोन ठेवते. लग्न ठरल्यावर तू मला पुण्याहून पत्र लिहिलं होतंस, ईमेलच्या जमान्यात, सुंदर अक्षरात. तेव्हाच मी प्रणवला म्हटलं होतं, हीच मुलगी. तर आपल्याला पत्रं जमतात.

इथे मंडळातल्या बायका डबे आणतात आणि 'देवाची इच्छा' म्हणतात. डबे चांगले असतात. माझा भाचा जय शनिवारी गाडीतून दुकानात नेऊन आणतो. तू कामावर जायला लागलीस का? घरी बसू नकोस.

एक मागायचं आहे. प्रणवचा तो निळा लोकरीचा कोट. तुम्ही ग्लासगोला निघालात तेव्हा मीच त्याला घेऊन दिला होता. त्या दिवशी तो त्याच्या अंगावर होता, असं तू म्हणालीस. पोलिसांनी परत दिला की मला पाठव. भिजलेला, फाटलेला, कसाही. कारण विचारू नकोस, भेटलीस की सांगेन.

तुझी
आई

---

ग्लासगो
३० मार्च २०२५

ती. आईंना अक्षयाचा नमस्कार.

पत्र मिळालं. तीनदा वाचलं. मी कामावर जाते आहे, दोन आठवडे झाले.

नवीन काम एका स्वीडिश फिल्मचं आहे. दीडशे वर्षांपूर्वीची प्रेमकथा, त्यांच्याकडच्या एका गाजलेल्या कादंबरीवरून. शूटिंग मात्र इथल्या स्कॉटिश बेटांवर, कारण तिथले खडक तसेच दिसतात म्हणे. केर्स्टिन नावाची पाद्र्याची मुलगी घरच्यांच्या मनाविरुद्ध मात्स नावाच्या, सील या समुद्रप्राण्यांची शिकार करणाऱ्या तरुणाशी लग्न करते. एका हिवाळ्यात तो गोठलेल्या समुद्रावर जातो आणि परत येत नाही. पुढे दीपगृहाचा रखवालदार तिच्या प्रेमात पडतो. बाकी सगळा वारा.

माझं काम तेच, तुम्हाला कधी नीट सांगितलं नव्हतं. शिंपी कपडे नवे कोरे शिवून देतात आणि आम्ही ते जुने करतो. कोपरं किसणीने घासायची, गळ्याला ग्लिसरीन लावून घाम दाखवायचा, मुलतानी माती चोळायची, खिशात दगड भरून ओला कोट टांगायचा म्हणजे खिसे वापरल्यासारखे लोंबतात. प्रणव म्हणायचा, लोक कपडे लाँड्रीत धुवायला टाकतात आणि माझी बायको मळवायला ऑफिसात जाते.

मात्सच्या एकाच कोटाच्या पाच प्रती आहेत. लग्नातला नवा, रोजचा, ठिगळाचा, असं करत शेवटचा समुद्रातून काढलेला. चार मला मिळाले. शेवटचा माझी बॉस मॉरा हिने न बोलता स्वतःच्या टेबलावर नेला.

आपला कोट पोलिसांकडे आहे. स्कॉटलंडमध्ये अशा मृत्यूची चौकशी फिस्कलचं, म्हणजे सरकारी वकिलाचं, ऑफिस करतं. ती संपेपर्यंत वस्तू मिळत नाहीत. मिळाला की कळवते. गोळ्या वेळेवर घ्या.

तुमची
अक्षया

---

मिल्टन कीन्स
२१ एप्रिल २०२५

चि. अक्षया,

अनेक आशीर्वाद. मुलतानी माती आम्ही तोंडाला लावायचो, उजळ दिसावं म्हणून. तुम्ही ती कोटाला लावता, मळका दिसावा म्हणून. आणि किसणी! तुझ्या सासऱ्यांनी हे ऐकलं असतं तर म्हणाले असते, आपल्या घरात हे काम मी फुकट करत होतो.

लायब्ररीतल्या बाईंना सांगून ती कादंबरी मागवली. इंग्रजी भाषांतर आहे, जाडजूड, आणि पन्नास पानं नुसता बर्फ. पण केर्स्टिन मला आवडली. आणि एक सांगते, मला दीपगृहवालाही आवडला. ती पुढे त्याच्याशी संसार थाटते असं मागच्या वेष्टणावर लिहिलंय, ते बरंच करते. हे मी उगाच लिहीत नाही, लक्षात ठेव.

काल मात्स हरवला तो भाग वाचला. वसंतात बर्फ फुटतो आणि किनाऱ्याला एक प्रेत लागतं. चेहरा राहिलेला नसतो. मात्सची म्हातारी आई पायरीवर बसलेली असते आणि केर्स्टिन पुढे जाऊन कोट बघते. तो मात्सचा नाही हे तिला तिथेच कळतं. तरी ती म्हणते, 'हाच.' का, तर म्हातारीला निदान एक थडगं मिळावं. मी पुस्तक मिटलं आणि रेडवेच्या लाल पायवाटेवरून चालत तळ्यापर्यंत जाऊन आले.

तू ओळख पटवायला गेलीस तेव्हा मला आत येऊ दिलं नाहीस. बरं केलंस, असं सगळे म्हणतात. मीही म्हणते. पण एक स्पष्ट विचारते आणि तू स्पष्ट सांग. कोट अंगात होता ना? बटणं लावलेली होती? लहानपणी तो कधी लावायचा नाही. मी फाटकापर्यंत धावत जाऊन लावायची.

कारणही सांगून टाकते. त्या दिवशी इथेसुद्धा सगळं गोठलं होतं. तशा थंडीत जो माणूस कोट घालून बाहेर पडतो, तो परत यायच्या हिशेबाने पडतो. मग कालव्याकाठच्या बर्फावरून पाय घसरला, हे मी सोसू शकते. मला एवढंच धरून राहायचं आहे. बाकी काही नको.

तुझी
आई

---

ग्लासगो
१२ मे २०२५

ती. आई,

नमस्कार. हो. कोट अंगात होता. बटणं लावलेली होती, वरचं एक सोडून.

तुमच्या कादंबरीतली सासू आमच्या फिल्ममध्ये नाहीच. पटकथेतून काढून टाकली आहे. मी मॉराला विचारलं तर ती म्हणाली, प्रेमकथेत प्रेक्षकांना सासू नको असते. तुम्ही हसाल म्हणून लिहिलं.

पोलिसांनी वस्तू परत दिल्या. कोटही आहे. पण आई, तो बघण्यासारखा नाही. पाण्याने लोकरीचं फार वाईट होतं. मी तो नीट बांधून ठेवला आहे, राहू दे माझ्याकडे. त्याचं घड्याळ पाठवू का? लग्नातलं जरीचं उपरणं? काहीही सांगा.

इकडे कामाची घाई आहे. तो समुद्रातला कोट मी मॉराकडून मागून घेतला. ती नको म्हणत होती. मला शिकायचं होतं. पाणी कापडात कुठून चढतं, गाळ कुठे बसतो, मिठाची रेघ कुठे उमटते, पितळी बटणं कशी हिरवी होतात, हे सगळं तिने दाखवलं. ती शेवटपर्यंत माझ्याशेजारी उभी राहिली.

तुमची
अक्षया

---

मिल्टन कीन्स
२ जून २०२५

अक्षया,

घड्याळ नको. उपरणं नको. मी कोट मागितला आहे.

बघण्यासारखा नाही म्हणतेस. त्याला ताप आला की तो माझ्या अंगावर ओकायचा, तेव्हाही तो बघण्यासारखा नसायचा. मी त्याची आई आहे. तू त्याला आठ वर्षं ओळखलंस, मी जन्मापासून. हे लिहून मी वाईट बोलते आहे, मला कळतं, पण खोडणार नाही.

जय मला घेऊन ग्लासगोला यायला तयार आहे. महिनाअखेरीपर्यंत कोट आला नाही तर आम्ही येतो आणि मी तो हातात घेऊनच परत जाईन.

आई

---

ग्लासगो
२९ जून २०२५

ती. आई,

तुम्ही प्रवास करू नका, तुमचा गुडघा गाडीत आखडतो. आज कोट कुरिअरने पाठवला. खोक्यात आहे, वर पातळ कागद घातला आहे.

आधीच सांगते म्हणजे धक्का बसणार नाही. खालच्या काठाला कालव्याचा गाळ आहे. खिसे लोंबले आहेत. बटणांवर हिरवं चढलं आहे. अस्तर खालून डागाळलं आहे. धुऊ नका आणि कोणाला धुवायला देऊ नका. एकटीने उघडू नका, जयला बसवून घ्या.

तुम्ही रागावलात ते बरोबर होतं. मला राग आला नाही.

अक्षया

---

मिल्टन कीन्स
१४ सप्टेंबर २०२५

चि. अक्षया,

अनेक आशीर्वाद. अडीच महिने तुझ्या पत्राला उत्तर दिलं नाही आणि तुझे फोन जयकरवी टाळले. तू घाबरली असशील. माझी तब्येत ठीक आहे. खोकं कपाटावर होतं, धीर होत नव्हता. पितृपक्ष लागला तेव्हा उघडलं. तू सांगूनही एकटीनेच.

काठाचा गाळ बघितला. बटणं बघितली. खिशात हात घातला तर आत वाळू लागली. तो पाण्यात कसा पडला असेल ते सगळं त्या कोटावर दिसत होतं. मी तो मांडीवर घेऊन पोटभर रडले. मग कात्री आणली.

आता ते कारण सांगते, जे भेटल्यावर सांगणार होते. कोट घेतला तेव्हा मी त्याच्या अस्तरात, डाव्या छातीपाशी, जेजुरीच्या खंडोबाचा भंडारा शिवला होता. कागदाची चपटी पुडी, चार टाके. आमच्या घरात परगावी जाणाऱ्या मुलाच्या कपड्यात तो घालतात. माझ्या सासूबाईंनी तुझ्या सासऱ्यांच्या इंग्लंडला यायच्या कोटात घातला होता. प्रणवला सांगितलं असतं तर त्याने उसवून टाकला असता. तुला सांगितलं असतं तर तू काही बोलली नसतीस, पण मनात हसली असतीस.

भंडारा म्हणजे हळद. हळदीला पाणी लागलं की ती लपत नाही, स्वयंपाक करणाऱ्या कुठल्याही बाईला विचार. तो कोट कालव्यात दिवसभर जरी राहिला असता, तरी छातीपाशी तळहाताएवढा पिवळा डाग फुटला असता. मी तो डाग शोधत होते. मला तो हवा होता. देव शेवटपर्यंत पोराच्या छातीशी होता, याची ती खूण होती.

डाग नव्हता. टाके उसवले. पुडी कुरकुरीत. वर्तमानपत्राच्या तुकड्यावरची जाहिरातसुद्धा वाचता येत होती, आणि आत भंडारा कोरडा, बांधला तसा. मग मी कोट तोंडाजवळ नेला. कॉलरला प्रणवचा वास होता. त्याच्या त्या निळ्या बाटलीतल्या साबणाचा आणि त्याचा.

कोट पाण्यात गेलाच नव्हता, अक्षया. तो तुमच्या दारामागच्या खुंटीवर होता आणि प्रणव त्याच्याशिवाय बाहेर पडला. तशा थंडीत. मी जे धरून बसले होते ते तू तुझ्या हातांनी मला बनवून दिलंस, आणि इतकं चोख, की ती चार टाक्यांची पुडी नसती तर मी ते घेऊनच मेले असते.

आधी मला तुझा फार राग आला. दोन दिवस तुला मनातल्या मनात वाटेल ते बोलले. माझ्या पोराच्या कोटाला किसणी लावली हिने. मग राग ओसरला आणि निराळंच सुचलं. इतके महिने मी खंडोबाशी भांडत होते, की तू त्याच्या छातीशी असताना त्याला पडू कसं दिलंस. ते भांडण आता मिटलं. देव त्याच्याबरोबर नव्हताच. देव खुंटीवर होता.

कादंबरी संपवली. तुमच्या फिल्मवाल्यांनी जी सासू काढून टाकली, तिला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. मात्सच्या कोटाचं कापड तिने स्वतः मागावर विणलेलं. परक्याच्या अंगावरचं कापड तिला ओळखू येणार नाही? तरी तिने परक्या माणसाला मुलगा म्हणून पुरलं आणि बारा वर्षं सुनेला कळू दिलं नाही. लेखकाला ते फार थोर वाटलेलं दिसतं. मला नाही वाटलं. दोघी एका चुलीपाशी बसल्या, एकमेकींना जपत राहिल्या आणि दोघी एकट्याच राहिल्या. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात, पण त्या मुठीने भाकरीसुद्धा थापता येत नाही.

माझ्याकडे बारा वर्षं नाहीत. मला खरं लिही. मी वाचेन.

तुझी
आई

---

ग्लासगो
२१ सप्टेंबर २०२५

आई,

खरं लिहिते.

तो शनिवार होता. मी अंघोळीला गेले होते. बाहेर आले तेव्हा दारामागे कोट होता, म्हणून मला वाटलं प्रणव आत झोपला आहे. त्याला झोप लागत नव्हती ते तुम्हाला माहीत आहे. नोकरी ऑक्टोबरमध्येच गेली होती, ते तुम्हाला सांगू नको असं त्याने माझ्याकडून वचन घेतलं होतं. डॉक्टरची वेळ पुढच्या आठवड्यातली होती. मी आवाज न करता चहा टाकला. दोघांचा. निवला तर पुन्हा गरम करू म्हणून झाकून ठेवला आणि बराच वेळ त्याला हाकसुद्धा मारली नाही. कोट होता ना. कोट असताना माणूस कुठे जाईल?

फोन आणि किल्ल्या कोटाच्या खिशातच होत्या. चिठ्ठी नव्हती. का, ते मला माहीत नाही. तुमच्यापासून लपवलेलं नाही, खरंच माहीत नाही. तुम्ही आलात तेव्हा कोट मी वर्कशॉपमध्ये लपवला होता. तुम्ही गेल्यावर पुन्हा खुंटीवर लावला.

तुम्ही म्हणालात, कोट घालून गेला असेल तर मी सोसू शकते. मला दुसरं काही येत नाही आई, एवढंच येतं. टबमध्ये पाणी भरलं होतं. तसंच करतात, पूर्ण बुडवतात. माझ्याच्याने झालं नाही. कॉलर आणि छातीचा भाग मी प्लास्टिकने बांधून घेतला आणि बाकीचं ब्रशने केलं. तेवढा वास राहू दिला. नंतर कोट तुम्हाला पाठवायचा होता हे मी विसरले नव्हते. तुम्हालाही तो वास मिळावा असं मला वाटलं असेल. पुडी आहे हे माहीत नव्हतं.

आता खुंटी मोकळी आहे. मी घरात शिरताना तिकडे बघत नाही.

अक्षया

---

मिल्टन कीन्स
२८ सप्टेंबर २०२५

चि. अक्षया,

अनेक आशीर्वाद. पत्र वाचलं. जयला वाचून दाखवलं नाही, ते आपल्या दोघींचं आहे.

तू चहा टाकलास. झोपलेल्या माणसाला उठवलं नाहीस. यात जो कोणी तुझी चूक काढेल त्याने आधी माझ्याशी बोलावं, आणि ती काढणारी तूच असशील तर तूही. आदल्या रविवारी त्याने मला फोन केला होता. मी त्याला अर्धा तास घाऱ्यांना भोपळा कसा निवडावा ते सांगितलं. तो 'हं, हं' करत ऐकत होता. मला वाटलं, पोराला आज वेळ आहे. मी आई असून मला ऐकू आलं नाही. तुला दारामागच्या कोटाने फसवलं, मला त्या 'हं'ने. आपण दोघी सारख्याच.

सोसत नाही. तू लपवलं होतंस ते बरोबर होतं, हे सोसण्यासारखं नाहीच. पण खोटं एकटीने सोसत होते, हे निदान दोघी मिळून आहे.

कोटाचा गाळ काढायला घेतला आहे. कोरड्या ब्रशने, रोज थोडा. तुझं काम पक्कं आहे, निघता निघत नाही. कॉलरला मी हात लावत नाही. उरलेला गाळ तू येऊन काढ, कसा लावला ते तुलाच माहीत. सुट्टी मिळत नसेल तर त्या मॉराला माझं नाव सांग. म्हणावं, फिल्ममधून काढलेली सासू बोलावते आहे.

भंडारा अर्धा मी कपाळाला लावून देवापुढे ठेवला. अर्धा या पाकिटात आहे, त्याच कागदात. तुझ्या कोटाच्या अस्तरात घाल, डाव्या बाजूला, चार टाके पुरतात. विश्वास नसला तरी घाल. मनात हसलीस तरी चालेल.

तिकडे आता थंडी पडायला लागली असेल. घरातून निघताना कोट घालत जा. आणि घातलास की मला रोज कळव.

तुझी
आई